टकरीची किंमत कोण सांगणार?

अमेरिकन फुटबॉल हा पायापेक्षा हाताचा, आणि हातापेक्षाही अंगाचा खेळ. चेंडू बगलेत मारून धावणाऱ्याला जमिनीवर लोळवायचे, हा त्यातला बचाव. त्या बचावाच्या दुसऱ्या फळीत लाइनबॅकर उभा असतो. कबड्डीत चढाई करणाऱ्याची पकड करावी तसेच त्याचे काम. पण इथे दोघेही धावत येऊन एकमेकांवर आदळतात.

निक बुओनिकाँटी हे असेच एक लाइनबॅकर. या जागेसाठी अंगाने लहान, म्हणून १९६२ मध्ये बोस्टन पेट्रियट्सने त्यांना निवडले ते थेट तेराव्या फेरीत. खेळता खेळताच त्यांनी रात्रीच्या वर्गांना बसून कायद्याची पदवी मिळवली. १९६९ मध्ये ते मायामी डॉल्फिन्सकडे गेले. १९७२ च्या हंगामात या संघाने सतराच्या सतरा सामने जिंकले. पहिल्या सामन्यापासून अजिंक्यपदापर्यंत एकदाही न हरण्याचा हा पराक्रम एनएफएलमध्ये आजवर दुसऱ्या कुणालाही जमलेला नाही.

निवृत्तीनंतर एचबीओवरच्या ‘इनसाइड द एनएफएल’ या कार्यक्रमातून लेन डॉसन यांच्यासोबत ते दोन दशकांहून अधिक काळ, २००१ पर्यंत, घराघरांत पोहोचले. मात्र १९८५ मध्ये कॉलेजच्या सामन्यात लाइनबॅकर म्हणूनच खेळणारा त्यांचा एकोणीस वर्षांचा मुलगा मार्क एका टकरीत मानेला इजा होऊन खांद्यापासून खाली लुळा पडला. बाप खचला नाही. डॉ. बार्थ ग्रीन यांच्यासह त्यांनी मायामीत मज्जारज्जूच्या संशोधनाची संस्था उभी केली, तिच्यासाठी कोट्यवधी डॉलर्स जमवले. आणि त्याच खेळाविषयी पडद्यावर बोलतही राहिले.

यात विसंगती शोधणे सोपे आहे. पण ज्या खेळाने सर्व काही दिले, त्याच्यावर उलटणे किती जणांना जमते? पुढे स्वतःची स्मृती दगा देऊ लागली, तेव्हा २०१७ मध्ये त्यांनी आपला मेंदू मरणोत्तर संशोधनासाठी देण्याचे जाहीर केले. वारंवारच्या धक्क्यांनी जडणारा सीटीई हा विकार मृत्यूनंतर मेंदू तपासल्यावरच पक्का कळतो. २०१८ मध्ये काही माजी खेळाडूंसह त्यांनी पालकांना विनवले : चौदा वर्षांखालील मुलांना टकरीचा फुटबॉल खेळू देऊ नका. ते स्वतः नवव्या वर्षापासून खेळत होते. २०१९ मध्ये, ७८ व्या वर्षी ते गेले.

माझ्या मते हे त्यांचे सर्वांत मोलाचे समालोचन. पण ते पडद्यावरून, खेळ रंगात असतानाच ऐकू यायला हवे. दूरदर्शन तीच टक्कर चार कोनांतून पुन्हा पुन्हा दाखवते. तीस वर्षांनंतरचा तो माणूस मात्र दाखवत नाही. समालोचकाच्या खुर्चीत माजी खेळाडू बसवायचा तो त्याच्या अनुभवासाठी. मग त्यातला निम्मा अनुभवच का ऐकायचा?

खेळ बंद करा, असे कुणी म्हणत नाही. कमरेची पट्टी ओढून गड्याला थांबवण्याचा फ्लॅग फुटबॉल लहान मुलांसाठी आहेच. नऊ वर्षांच्या मुलाला साठीतल्या स्मृतीची काळजी कशी असणार? ती त्याच्या आईवडिलांनीच करायची असते. आणि त्यांना खरे काय ते सांगणे ज्यांनी सोसले त्यांचे काम.