फुंकणी आणि नळी

कारखान्याला घरघर लागली, बँकेला घरघर लागली, असं आपण वर्तमानपत्रात सहज लिहून जातो. वाचणाऱ्याला उलगडून सांगावं लागत नाही. आता हे फार दिवसांचं राहिलं नाही, एवढं त्याला कळतं. ज्या भाषेत छातीतल्या आवाजाचा शब्द मरणाच्या उंबऱ्यावर बसलेला आहे, तिथला माणूस डॉक्टरपुढे ‘छातीत घरघर होते’ म्हणायला कचरतो, यात नवल नाही. तो ‘धाप लागते’ म्हणतो, ‘छाती भरून येते’ म्हणतो. बीडकडच्या बाया तेवढंही बोलत नाहीत. ‘चढाला जरा थांबावं लागतं’ म्हणून विषय मिटवतात.

फ्रेंच माणसाचीही गत वेगळी नव्हती. १८१६ साली पॅरिसच्या नेकर रुग्णालयात रेने लेनेक या डॉक्टरपुढे हृदयविकाराची एक तरुण, स्थूल बाई आली. तिच्या छातीला कान लावणं संकोचाचं, म्हणून त्याने कागदाची सुरळी केली आणि त्या सुरळीतून ऐकलं. पुढे कागदाच्या जागी फूटभर लांबीची लाकडी पोकळ नळी आली. हा गृहस्थ बासरी वाजवणारा, लाकूडही स्वतः कातणारा. १८१९ च्या ग्रंथात त्याने छातीतल्या आवाजांची बाराखडीच मांडली. एका आवाजाला तर तापलेल्या भांड्यात मीठ तडतडावं तसा म्हटलं. या आवाजांना त्याने ‘राल’ हे नाव दिलं. पण फ्रेंचमध्ये राल म्हणजे मरणाऱ्याच्या घशातली घरघर. तो शब्द कानावर पडला की रोगी हबकत. मग रोग्यासमोर बोलताना त्याने लॅटिन ‘राँकस’ वापरायला सुरुवात केली. आजही आपल्या केसपेपरवर डॉक्टर ‘राँकाय’ लिहितात, ते या दोनशे वर्षांपूर्वीच्या भिडेपोटी. लेनेक स्वतः १८२६ मध्ये क्षयाने गेला, पंचेचाळिसाव्या वर्षी.

आपल्याकडे हा आवाज त्याच्या कितीतरी आधी नोंदला गेला होता. चरकाच्या चिकित्सास्थानातल्या सतराव्या अध्यायात श्वासरोगाचे पाच प्रकार आहेत. त्यातल्या तमकश्वासात घशात घुरघुर होते, आडवं झालं की जीव घाबरा होतो, उठून बसलं की बरं वाटतं, आणि आभाळ भरून आलं, गारठा पडला की दुखणं बळावतं. हे वर्णन मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला आजी आठवली. बालाघाटाच्या डोंगरात आमचं घर. आजी रात्री भिंतीला दोन उशा लावून बसल्या बसल्या झोपायची, आणि तिच्या छातीतली शिट्टी ओसरीपर्यंत ऐकू यायची. आम्हा पोरांना त्या आवाजाची इतकी सवय होती की तो थांबला की आम्हीच दचकायचो.

तिची फुंकणी अजून घरात आहे. हातभर लांबीचा लोखंडी पाइप. तोंडाकडचं टोक ओठ लागून लागून गुळगुळीत झालेलं, चुलीकडचं काळंठिक्कर. चुलीत पऱ्हाट्या, तुराट्या, पावसाळ्यात अर्धवट वाळलेल्या गोवऱ्या. ओलं जळण पेटत नाही, म्हणून वाकून फुंकायचं. फुंकर संपली की पुढचा श्वास तिथेच, त्या धुरातच घ्यायचा. पोटभर धूर आत ओढायला याहून चोख व्यवस्था कुणाला सुचली नसती. लेनेकची नळी ऐकायची होती, ही फुंकायची. बीड जिल्ह्यात दुसरी घरोघर पोचली. पहिली यायला फार वेळ लागला.

किती वेळ, ते पाहायचं तर १८४६ या सालावर थांबावं लागतं. बीड तेव्हा निजामाच्या मुलखात. त्या साली हैदराबादला वैद्यकशाळा निघाली, आणि शिकवणं चक्क उर्दूतून. त्याच साली लंडनमध्ये जॉन हचिन्सनने फुप्फुसांत किती हवा मावते ते मोजणाऱ्या यंत्रावरचं, स्पायरोमीटरवरचं, आपलं काम प्रसिद्ध केलं. आणि मृग नक्षत्राला दम्यासाठी औषध भरलेला जिवंत मासा गिळायला देणारं हैदराबादचं बथिनी कुटुंब आपली परंपरा १८४५ पासूनची सांगतं. तिन्ही गोष्टी जवळपास एकाच वेळच्या. मराठवाड्यातल्या दमेकऱ्यांना यातली कोणती सगळ्यांत आधी माहीत झाली, हे विचारायची गरज नाही. मासा नाहीतर कोजागरीच्या चांदण्यातली औषधाची खीर. मी त्यांना हसत नाही. ज्याला रात्रभर बसून काढावी लागते, तो चांदण्यात बसायला का नाही म्हणेल?

धोतऱ्याचं तर सांगायलाच हवं. दम्यासाठी धोतऱ्याचा धूर ओढायची आपल्याकडची रीत एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला मद्रासहून इंग्लंडला गेली, आणि पुढे तिकडे दम्याच्या सिगारेटी दुकानात मिळू लागल्या. धोतऱ्यातल्या द्रव्याने श्वासनळ्यांचे स्नायू सैल पडतात हे खरं. आजचं टायोट्रोपियम त्याच गोताचं. पण धुराने छाती मोडलेल्याला पुन्हा धूरच द्यायचा, हा विनोद त्या काळात कुणाला जाणवला नसावा.

सप्टेंबर १९४८ मध्ये निजामी संपली, १९६० मध्ये महाराष्ट्र झाला, आणि १९७४ मध्ये अंबाजोगाईला वैद्यकीय महाविद्यालय आलं. आशियातलं पहिलं ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालय अशी त्याची ओळख. नाव स्वामी रामानंद तीर्थांचं, जे कधीकाळी याच गावात योगेश्वरी शाळेचे मुख्याध्यापक होते. केज-धारूरच्या माणसाच्या छातीला नीट शिकलेली नळी लागू लागली ती खऱ्या अर्थाने इथून. पण छातीचा रोग म्हणजे टीबी, हे समीकरण तोवर सगळ्या देशात पक्कं झालं होतं, आणि त्याला कारणही होतं. १९६२ पासून राष्ट्रीय क्षयरोग कार्यक्रम, १९९७ पासून त्याची सुधारित आवृत्ती. थुंकीची तपासणी फुकट, गोळ्या फुकट. दोन आठवड्यांहून जास्त खोकला असला की थुंकी तपासायची. जंतू सापडले तर सरकार दारात. न सापडले तर? ‘टीबी नाही, काळजी करू नका,’ असं ऐकून बाई घरी येते आणि फुंकणी उचलते. बरा झालेला टीबीही फुप्फुसांत व्रण सोडून जातो आणि तो माणूस पुढे वर्षानुवर्षं धापा टाकतो. पण कागदोपत्री तो बरा झालेला असतो.

चुलीचं नाव घ्यायला विज्ञानालाही वेळ लागला. १९५९ मध्ये दिल्लीच्या डॉ. शिवरामकृष्ण पद्मावती यांनी फुप्फुसांच्या आजारामुळे उजवं हृदय थकलेल्या रोग्यांविषयी लिहिलं. त्यात बिडी-सिगारेट न ओढणाऱ्या बायका होत्या, आणि त्यांनी बोट ठेवलं चुलीच्या धुरावर. कर्क स्मिथ या अमेरिकन शास्त्रज्ञाने आपल्या सहकाऱ्यांबरोबर गुजरातच्या खेड्यांत स्वयंपाक करणाऱ्या बायकांच्या नाकाजवळचा धूर प्रत्यक्ष मोजला, ते काम १९८३ मध्ये छापून आलं. पुण्याचे डॉ. संदीप साळवी यांनी २००९ मध्ये ‘लॅन्सेट’मधून जगाला सांगितलं की धूम्रपान न करणाऱ्यांनाही सीओपीडी, म्हणजे श्वासनळ्या कायमच्या अरुंद होण्याचा आजार, मोठ्या प्रमाणात होतो. उज्ज्वला योजना आली २०१६ मध्ये. पद्मावतींच्या लेखाला तोवर ५७ वर्षं झाली होती. देशातले सीओपीडीचे रुग्ण १९९० मध्ये २ कोटी ८१ लाख होते, ते २०१६ मध्ये ५ कोटी ५३ लाखांवर गेले, असा अंदाज आहे.

गॅस आला तरी बीडचा प्रश्न मिटत नाही, कारण बीड वर्षातले पाच-सहा महिने बीडमध्ये नसतं. दिवाळी झाली की मुकादमाची उचल घेतलेली कोयती, म्हणजे ऊसतोडीची जोडपी, ट्रॅक्टरवर चढतात आणि पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकात फडावर जातात. सिलिंडर घरी राहतो. फडावरच्या कोपीच्या, म्हणजे झोपडीच्या, तोंडाशी तीन दगड, जळणाला पाचट आणि मिळेल त्या काटक्या. पहाटे अंधारात भाकरी थापायच्या, थंडीमुळे धूर वर न जाता कोपीतच घुटमळतो, आणि पायाशी पोरं झोपलेली. ऊसतोड बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांवर २०१९ मध्ये राज्यभर गदारोळ झाला, समिती नेमली गेली. योग्यच झालं. त्यांच्या छातीसाठी मात्र अजून कुणी समिती मागितलेली नाही.

परळीकडे धुराच्या जोडीला धूळही आहे. औष्णिक वीज केंद्राचा पहिला संच १९७१ चा. कोळसा जळून उरलेली राख, तिची तळी, ती राख वाहणारे हायवा आणि वीटभट्ट्या. उन्हाळ्यात वारं सुटलं की वाळत घातलेल्या कपड्यांवर करडा थर बसतो. पुढाऱ्यांची भांडणं राख कुणी उचलायची यावर होतात, कुणाच्या छातीत गेली यावर नाही.

आता त्या आवाजाबद्दल. अरुंद झालेल्या नळीतून हवा जोराने जाऊ लागली की नळीची भिंत थरथरते आणि शिट्टी वाजते. म्हणजे शिट्टीला हवेची ये-जा लागते. नळ्या फारच आवळल्या, हवाच जाईनाशी झाली, की शिट्टी बंद होते. डॉक्टर याला मुकी छाती म्हणतात आणि धावपळ सुरू करतात. घरचे म्हणतात, ‘आता जरा शांत झालंय.’ सीओपीडीतही फुप्फुसं विरलेली असली की नळीला जवळजवळ काहीच ऐकू येत नाही. उलट घरघर नेहमी दम्याचीच असते असंही नाही. थकलेल्या हृदयामुळे फुप्फुसांत पाणी साठलं तरी ती होते. इतक्या वर्षांनी आपल्याकडे पोचलेली नळीसुद्धा एकटी पुरत नाही, ती एवढ्यासाठी.

म्हणून मागणी साधी आहे. हचिन्सनचं यंत्र, त्याचं आजचं मूठभर आकाराचं रूप, तालुक्याच्या प्रत्येक ग्रामीण रुग्णालयात हवं आणि चालवणारा माणूस हवा. कोयती निघायच्या आधी एकदा आणि पाडव्याच्या सुमारास परतल्यावर एकदा, बायकांनाही, मोजणी व्हावी. श्वासावाटे औषध ओढायचा पंप आरोग्य केंद्रात कायम मिळावा. कधी आहे, कधी नाही, असं चालायचं नाही. ‘पंपाची सवय लागते’ ही भीती काढायला आशाताईंच्या चार वाक्यांचं काम आहे. सलाईन लावून घेतल्याशिवाय बरं न वाटणारी माणसं ही वाक्यं ऐकतील का, याची मला खात्री नाही, तरी.

अशी एक तपासणी मी जवळून पाहिली. साठीच्या आसपासची बाई, हातावर उसाच्या पात्याचे जुने ओरखडे. यंत्र चालवणाऱ्या मुलाने तिच्या तोंडात पुठ्ठ्याची नळी दिली आणि म्हणाला, ‘मावशी, जोरात फुंका.’ तिने गाल फुगवले, ओठ आवळले आणि बारीक, लांब, एकसारखी फुंकर घातली. निखारा फुलवताना घालतात तशी. मुलाने मान हलवली. ‘चुलीसारखं नाही मावशी. सगळी हवा एकदम बाहेर टाका.’ तिने पुन्हा तशीच फुंकर घातली. तिसऱ्या वेळी तिला हसू आलं, हसता हसता उबळ आली, आणि मुलाने यंत्र बाजूला ठेवून पाण्याचा पेला पुढे केला. ‘बसा थोडं,’ तो म्हणाला, ‘परत करू.’