लाल शाई

दुसऱ्याच्या कागदावर लाल शाई ओढण्याची माझी खोड जुनी आहे. लग्नपत्रिका हाती आली तरी मी आधी ऱ्हस्वदीर्घ पाहतो, मुहूर्त मागून. या खोडीची मला परवापरवापर्यंत लाज वाटत नव्हती.

आमच्या दुसऱ्या वर्षाच्या वर्गातला एक मुलगा सकाळीच घरी आला. "सर, जरा एवढं नीट करून द्या," म्हणत त्याने घडी घातलेला कागद पुढे केला. गावी त्याच्या वडिलांनी थकलेली मजुरी मागितली, म्हणून मालकाने चावडीपुढे जात काढून शिव्या दिल्या आणि काठीने मारले. त्याची ती फिर्याद. शिवी जशीच्या तशी लिहिलेली. समोर कोण उभे होते, पारावरून कोण उठून आले, हेही सारे होते.

मी पेन उघडले. शिवी खोडून 'अत्यंत हीन भाषेत अपशब्द उच्चारले' असे घातले. पारावरच्या मंडळींचा पाल्हाळ काढून टाकला. कागद कसा निर्मळ झाला! मुलगा काही बोलला नाही. चहाही न घेता गेला.

रात्री माझे मेहुणे आले. ते वकील. मी कौतुकाने हकीकत सांगितली, तो त्यांनी कपाळाला हात लावला. "भावोजी, फिर्यादीचा प्राणच काढलात की!"

मग त्यांनी मला शिकवणी दिली. अटकेची धास्ती असलेल्या माणसाने आधीच न्यायालयात जाऊन अटकपूर्व जामीन मागावा, ही सोय १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने केली. आजच्या संहितेतही ती आहे. पण अनुसूचित जाती-जमातींवरील अत्याचारांसाठी १९८९ साली जो कायदा झाला, त्याच्या १८ व्या कलमाने हे दार लावून घेतले. कारण उघड आहे. मारणारा त्याच गावात मोकळा हिंडत असला, तर मार खाणाऱ्याने साक्ष कोणाच्या भरवशावर द्यायची?

कराडच्या एका प्रकरणावरून २० मार्च २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे दार किलकिले केले. कायद्याच्या गैरवापराचे कारण दिले. आपल्या दिवाणखान्यांत त्यावर पुष्कळ माना डोलल्या. माझीही डोलली होती. २ एप्रिलला भारत बंद झाला, त्याच वर्षी संसदेने १८-अ हे कलम घातले आणि फेब्रुवारी २०२० मध्ये न्यायालयाने ते वैध ठरवले. मात्र एक फट राहिली, आणि निरपराध माणसासाठी ती राहायलाच हवी. फिर्यादीवरून प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल, तर जामिनाची बंदी लागू नाही.

"म्हणजे सगळे त्या कागदावर आले," मी म्हणालो.

"आणि त्यावर तुम्ही लाल शाई ओतलीत!"

जातीवरून केलेली शिवीगाळ लोकांच्या नजरेस येईल अशा ठिकाणी झालेली असावी लागते. उत्तराखंडातल्या एका खटल्यात २०२० साली, चार भिंतींआड आणि बाहेरचे कोणी नसताना दिलेली शिवी या कलमात बसली नाही. उलट धाराशिव जिल्ह्यातल्या एका प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने दिलेला अटकपूर्व जामीन सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी रद्द केला. तिथे शिवीगाळ आणि मारहाण घराबाहेर, कोणालाही दिसेल अशी झाली होती. आमच्या पारावरचा पाल्हाळ मला आठवला. एकेक नाव मी किती नेटकेपणाने खोडले होते!

झोप लागली नाही. उजाडताच मुलाला फोन केला.

"सर, तुम्ही रागावू नका," तो चाचरत म्हणाला, "तुमचा कागद वडिलांनी घेतलाच नाही. वाचून दाखवला तर म्हणाले, असं तो बोललाच नव्हता. मग ठाण्यात त्यांनी तोंडानंच सांगितलं. तसंच लिहून घेतलंय."

मालकाने आता अटकपूर्व जामिनासाठी अर्ज केला आहे. अशा अर्जाच्या वेळी पीडितालाही आपले म्हणणे मांडण्याचा हक्क या कायद्याने दिला आहे, तेव्हा वडील तारखेला जाणार आहेत. सोबत जायचे म्हणून मुलाने काल रजेचा अर्ज आणून दिला. 'सुनावणी'तला सु त्याने दीर्घ काढला होता. मी सही केली आणि अर्ज तसाच परत दिला.