काळी गाडी पुसणार कोण?

गाडी घेताना बाईला फक्त रंग विचारतात, आणि तोही ऐकत नाहीत! आमचे ‘हे’ म्हणाले, काळीच घेऊ, रुबाबदार दिसते. मी म्हटलं, रोज फडकं कोण मारणार? काळ्यावर धूळ, ओरखडे लगेच दिसतात, उन्हात तापतेही जास्त. हट्टाने पांढरी घेतली.

पुढे दाराला पोचा आला. गॅरेजवाल्याने अंदाजाने पांढरा मारला आणि दार परक्याचं दिसायला लागलं. मैत्रिणींनो, पांढऱ्यातही कितीतरी छटा असतात. बहुतेक गाड्यांत बॉनेटखाली किंवा दाराच्या खांबावरच्या पट्टीवर रंगाचा कोड असतो. ब्लाउजपीस घ्यायला आपण साडी नेतो, तसा तो कोड न्यायचा. रंग उन्हाने विटलेला असेल, तर आधी नमुना मारून बघायला सांगायचं. आमचा कोड आता माझ्या डायरीत आहे.