‘यहुदी’ म्हणण्याआधी

मागच्या रमजान ईदला घोटीला घरी होतो. शीरखुर्मा झाला, पाहुणे गेले आणि आम्ही चुलतभावंडं गच्चीवर जाऊन बसलो. सगळ्यात धाकटा बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. त्याने मोबाईल माझ्यापुढे धरला. व्हॉट्सअॅपवर फिरणारी एक यादी होती. अमका नट यहुदी, तमका खेळाडू यहुदी, अमुक कंपनीचा मालक यहुदी. खाली लिहिलं होतं, यांना ओळखून ठेवा.

“भाई, सब यहुदी का खेल है,” तो म्हणाला.

मी विचारलं, “तूने कभी कोई यहुदी देखा है?”

“घोटी में कहाँ से आएंगे?” सगळे हसले.

“गोलमाल देखा है?” अमोल पालेकरांचा, १९७९ सालचा. तो आमच्या घरात सगळ्यांना पाठ आहे. “उसमें वो टकले डॉक्टर, केदारमामा? वो यहुदी थे. डेव्हिड अब्राहम चेऊलकर. अपने कोकण के.”

थोडा वेळ कोणी बोललं नाही. मग धाकटा म्हणाला, “चेऊलकर? ये तो मराठी नाम है.”

हो, मराठीच. अलिबागजवळच्या चौलवरून आलेलं. भावाला मी नावं ठेवत नाही, कारण मलाही हे फार उशिरा कळलं, आणि ज्या रीतीने कळलं ते सांगायला आजही लाज वाटते.

मी नवी मुंबईत एका सॉफ्टवेअर कंपनीत काम करतो. आमच्या टीममध्ये एक सहकारी आहे. आडनावाच्या शेवटी ‘कर’, बोलणं अस्सल रायगडी, डब्यात वालाचं बिरडं. चार वर्षं मी त्याला कोकणातला हिंदू समजत होतो. २०२३ च्या शेवटी गाझातून रोज मुलांचे मृतदेह दिसत होते. मी रात्र रात्र झोपत नव्हतो. एका दुपारी कॅन्टीनमध्ये माझा तोल गेला आणि मी मोठ्याने म्हणालो, “ही यहुदी जातच अशी.” तो काही बोलला नाही. अर्धा डबा तसाच बंद केला आणि उठून गेला. दुसऱ्या एकाने मला हळूच सांगितलं, “अरे, तो ज्यू आहे.”

त्या क्षणी मला माझेच जुने दिवस आठवले. कुठेही बॉम्ब फुटला की कॉलेजच्या हॉस्टेलवर सगळ्यांच्या नजरा माझ्याकडे वळायच्या. “तुमचे लोक असं का करतात?” मी घोटीचा. वडिलांची पिढी भाताच्या गिरण्यांच्या धुळीत वाढलेली. जगात कुठे कोणी काय केलं, त्याचा जबाब मी का द्यायचा, असा राग यायचा. आणि आता तोच प्रश्न मी दुसऱ्याच्या तोंडावर फेकला होता.

मी माफी मागितली. त्याने ती लगेच स्वीकारली असं नाही. पण काही महिन्यांनी त्याने मला ठाण्याला घरी बोलावलं. घरात मलिदा होता. आपल्याला मलिदा माहीत आहे तो दर्ग्यावरचा. त्यांच्याकडे तो भिजवलेले पोहे, गूळ आणि खोबऱ्याचा करतात, वर फळं ठेवतात, आणि एलियाहू हन्नाबी यांच्या नावाने दुआ होते. एलियाहू हन्नाबी म्हणजे कोण? आपण ज्यांना हजरत इलियास म्हणतो, तेच.

त्याच्या आईने त्या दिवशी जे सांगितलं ते मी नंतर पुस्तकांत पडताळून पाहिलं. या समाजाचं नाव बेने इस्राएल. आपल्याकडे कुरआनच्या सतराव्या सूरहचं एक नाव बनी इस्राईल आहे, तोच शब्द. त्यांच्या परंपरेनुसार शेकडो वर्षांपूर्वी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटलं आणि सात जोडपी वाचली. त्यांचे वंशज कोकणातल्या गावागावांत पसरले आणि गावांची नावं लावू लागले. पेणकर, रोहेकर, दिवेकर, किहीमकर, झिराडकर. धंदा तेल गाळण्याचा, आणि शनिवारी घाणा बंद. म्हणून गावकरी त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत.

माझं लक्ष खिळलं ते त्यांच्या शब्दांवर. सिनेगॉगला ते ‘मशीद’ म्हणत. उपासाला ‘रोजा’. जेरुसलेमच्या मंदिराच्या विध्वंसाचा जो उपास जगभरचे यहुदी पाळतात, त्याला कोकणात ‘बिरड्याचा रोजा’ म्हणत, कारण त्या दिवशी बिरडं करायचं. आणि त्यांच्या धार्मिक प्रमुखांना काय म्हणत? काजी! परंपरा सांगते की डेव्हिड रहाबी नावाच्या विद्वानाने झिराडकर, शापूरकर आणि राजपूरकर या तीन घराण्यांतल्या माणसांना धर्मविधी शिकवले. तेच पहिले काजी. लग्न लावणं, तंटे सोडवणं, गावोगाव फिरून विधी करणं, सगळं त्यांच्याकडे.

इगतपुरीहून गाडीने मुंबईला जाताना सीएसएमटीच्या अलीकडे मस्जिद स्टेशन लागतं. त्याच भागात, सॅम्युएल स्ट्रीटवर, १७९६ साली सॅम्युएल एझिकेल दिवेकर यांनी मुंबईतलं पहिलं सिनेगॉग बांधलं. स्टेशनचं नाव या ‘मशिदी’वरूनच पडलं, असं अनेक जण मानतात. दिवेकर कंपनी सरकारच्या फौजेत होते आणि टिपू सुलतानाच्या कैदेत सापडले होते. बेने इस्राएल घरांत कथा सांगतात की टिपूच्या आईने ‘बनी इस्राईल’ हे नाव ऐकलं, कुरआनात यांचा उल्लेख आहे असं मुलाला सांगितलं आणि त्यांचे प्राण वाचले. सुटून आल्यावर त्यांनी शुकराना म्हणून सिनेगॉग उभारलं. कथा किती खरी हे इतिहासकारांनी ठरवावं. पण एक समाज आपल्या पहिल्या प्रार्थनागृहाची गोष्ट सांगताना एका मुसलमान आईचे उपकार आठवतो, हे आपल्याला माहीत असायला नको का?

आता त्या व्हॉट्सअॅपच्या यादीकडे वळू. यादीच करायची, तर आपल्या मातीतली करू.

१९३१ चा ‘आलम आरा’ हा भारताचा पहिला बोलपट. तो ज्या नाटकावरून आला ते लिहिलं जोसेफ डेव्हिड पेणकर यांनी. ‘बूट पॉलिश’मधल्या जॉन चाचाच्या भूमिकेसाठी डेव्हिड यांना फिल्मफेअर मिळालं, १९६९ मध्ये पद्मश्री. बगदादहून आलेल्या यहुदी कुटुंबांतल्या नादिरा आणि सुलोचना म्हणजे रूबी मायर्स. सुलोचना यांना १९७३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. १९४७ ची पहिली मिस इंडिया प्रमिला, म्हणजे एस्थर अब्राहम. त्यांनी लग्न केलं नट कुमार यांच्याशी, ज्यांचं खरं नाव सय्यद हसन अली झैदी. क्रिकेटमध्ये ज्युडा रूबेन. १९६९ ते १९७७ या काळात दहा कसोटी सामन्यांत पंच म्हणून उभे राहिले. कवी निस्सीम एझिकेल यांनी इंग्रजीत लिहिलं, आणि इंदिरा संतांच्या मराठी कविता इंग्रजीत नेल्या. डॉ. ई. मोझेस १९३७ साली मुंबईचे महापौर झाले. महालक्ष्मीचा ई. मोझेस रोड त्यांचाच.

या यादीत मला सगळ्यात मोठं नाव वाटतं ते डॉ. जेरुशा झिराड यांचं. लंडनला शिकून आलेल्या स्त्रीरोगतज्ज्ञ. मुंबईच्या कामा हॉस्पिटलच्या त्या प्रमुख होत्या. त्या हॉस्पिटलात आपल्या किती आया-बहिणींची बाळंतपणं झाली असतील! त्याच डॉक्टर बाईंनी १९२५ मध्ये ज्युइश रिलिजियस युनियन स्थापन करण्यात पुढाकार घेतला. शंभर वर्षांपूर्वी एक बाई आपल्या समाजात धर्मसुधारणेची चळवळ चालवते आहे. मशिदीत बायकांना जागा असावी का, यावर आजही भांडणाऱ्या आपल्या मोहल्ल्यांनी त्यांच्याकडून शिकावं असं पुष्कळ आहे.

देणंघेणं दोन्ही बाजूंनी होतं. जंजिऱ्याच्या सिद्दी नवाबांकडे शालोम बापूजी इस्राएल कारभारी होते. भायखळ्याच्या सर जेकब ससून हायस्कूलमध्ये आज बहुसंख्य मुलं मुसलमान आहेत. यहुद्यांनी यहुदी मुलांसाठी काढलेली शाळा, आता आपली मुलं घडवते. २००८ च्या २६ नोव्हेंबरला सुरू झालेल्या हल्ल्यात मुंबईत छाबड हाऊसमध्ये रब्बी गॅव्रिएल होल्ट्झबर्ग आणि त्यांची पत्नी रिव्का मारले गेले. तेव्हा मुंबईतल्या मुस्लिम संस्थांनी त्या हल्लेखोरांना आपल्या कबरस्तानात जागा द्यायला साफ नकार दिला. आपल्या आधीच्या पिढीने कुठे उभं राहायचं ते न डगमगता ठरवलं होतं.

आता तुमच्यापैकी काही जण विचारतील, आणि विचारायलाच हवं: मग पॅलेस्टाईनबद्दल गप्प बसायचं का? मुळीच नाही. मी बोलतो, लिहितो, बोलत राहणार. पण जो करतो त्याचं नाव घ्या. इस्रायलचं सरकार म्हणा, सैन्य म्हणा, वसाहती वाढवणारे म्हणा, त्यांना शस्त्रं पुरवणारे देश म्हणा. ‘यहुदी’ म्हणू नका. आम्ही कोड लिहिणारे एक गोष्ट लवकर शिकतो. चूक एका ठिकाणी असते आणि आपण बोट भलतीकडे दाखवलं, की रात्रभर जागूनही ती सुटत नाही, उलट चालू असलेलं बिघडतं. ‘यहुदी’ हा शब्द शिवीसारखा वापरून गाझातलं एकही मूल वाचत नाही. फक्त ठाण्यातला एक माणूस अर्धा डबा टाकून उठून जातो.

हेही खरं की १९४८ नंतर बहुतेक बेने इस्राएल इस्रायलला गेले. आज भारतात सगळे मिळून यहुदी पाच हजारांच्या आसपास उरले असतील. माझ्या सहकाऱ्याचे मामा-मावश्या तिकडेच आहेत. गाझावर आमचं एकमत नाही, आणि कधी कधी वाद कडू होतो. पण तिकडे गेलेल्यांचीही एक गोष्ट आहे. तिथल्या धर्मगुरूंनी बेने इस्राएलांच्या लग्नांवर शंका घेतल्या, तुम्ही खरे यहुदी कशावरून, असं विचारलं. या कोकणी माणसांनी आंदोलनं केली, तेव्हा कुठे १९६४ मध्ये त्यांना पूर्ण यहुदी म्हणून मान्यता मिळाली. पिढ्यान्‌पिढ्या राहूनही ‘तू खरा इथला कशावरून’ हा प्रश्न ऐकण्याची वेदना आपल्याहून जास्त कोणाला कळावी? आणि तिकडे जाऊनही त्यांनी मराठी सोडली नाही. ‘मायबोली’ नावाचं मराठी नियतकालिक ते इस्रायलमध्ये काढत आले.

सूरह माइदामध्ये ईमानवाल्यांना बजावलेलं आहे की कोणाशी वैर असलं तरी इन्साफ सोडू नका. आणि ती हदीस आपण मदरशात सगळ्यांनी ऐकली आहे. एक जनाजा जात होता, नबी (स.) उठून उभे राहिले. कोणीतरी म्हणालं, तो यहुद्याचा आहे. त्यावर त्यांनी विचारलं, तो जीव नव्हता का? आपण हे ऐकतो, मान डोलावतो, आणि घरी जाऊन यादी फॉरवर्ड करतो.

गच्चीवर त्या दिवशी धाकट्याने यादी डिलीट केली नाही. थोडा वेळ फोनकडे बघत बसला. मग म्हणाला, “भाई, वो मस्जिद स्टेशन वाला सिनेगॉग, अंदर जाने देते हैं क्या?”

मी सहकाऱ्याला विचारलं आहे. पुढच्या महिन्यात आम्ही तिघे जाणार आहोत.