खोत्ला आणि आत्याची सही

परवा घरी पुन्हा तोच विषय निघाला. आमच्या वाड्याचा खटला! आजोबा गेल्यावर सुरू झाला, अजून तारखाच पडताहेत. (नातेवाईक वाचताहेत, नावं घेत नाही.) बोट्स्वानात काही वर्षं काढलेला एक मित्र म्हणाला, "गाबोरोनेत असतात, तर कधीच मिटलं असतं."

तिथल्या बैठकीला खोत्ला म्हणतात. मुळात ही गावच्या प्रमुखासमोरची सभा. गाबोरोने मात्र १९६०च्या दशकात राजधानी म्हणून वसवलेलं शहर, कुठल्या एका जमातीचं नव्हे. तरी तिथेही ही न्यायालयं आहेत, कायद्याने मान्य केलेली. प्रमुखाच्या जागी सरकारने नेमलेला अध्यक्ष बसतो. उसनवारी, शिवीगाळ, किरकोळ चोऱ्या, शेजाऱ्यांची भांडणं तिथे येतात. माणसं आपल्या सेत्स्वाना भाषेत स्वतःच आपली बाजू मांडतात. निकालानंतरही शेजारी शेजारीच राहणार, हे सगळ्यांना ठाऊक असतं. मला हे फार पटतं. काही गुन्ह्यांसाठी पुरुषांना फटक्यांची शिक्षा देता येते, ते मात्र मुळीच पटत नाही.

त्यांची एक म्हण आहे, खोत्लात बोललेला प्रत्येक शब्द चांगलाच. छान आहे. पण बोलणार कोण? पूर्वी तिथे बायकांना जागाच नव्हती.

गाबोरोनेजवळच्या कान्ये गावातल्या चार बहिणींचं प्रकरण याच प्रश्नाचं. वडिलांच्या घरावर भाच्याने हक्क सांगितला, कारण रिवाजाप्रमाणे घर मुलाच्या वंशाकडे जातं म्हणे. रिवाजाच्या न्यायालयांतून वाद वर गेला. २०१२ साली उच्च न्यायालयाने बहिणींच्या बाजूने निकाल दिला आणि २०१३ साली अपील न्यायालयाने तो कायम केला. रिवाजही काळाबरोबर बदलतो, असं त्या न्यायालयाने म्हटलं. मला हे सगळ्यात मोलाचं वाटतं. रिवाज मोडीत न काढता त्याला जाब विचारता आला. वर दाद मागायची वाट नसती, तर जवळचा, स्वस्त, आपल्या भाषेतला न्याय त्या चौघींच्या काय कामाचा होता?

आमच्या खटल्यात भाऊ-भाऊ भांडताहेत. आत्याची हक्कसोडपत्रावर सही घेतली, तेव्हा तिला कोणी काही विचारलं नव्हतं. मीही तिथेच होतो, चहा पीत.

असो. उद्या खरंच आमच्या अंगणात खोत्ला भरलाच, तर मी आधी एवढंच बघेन, की आत्यासाठी खुर्ची मांडली आहे ना.