व्यवहारातील गणित : बिंदूंचे स्थानांतरण

कापडाची एक पेढी डोळ्यांपुढे आणावी. २०२३ सालच्या दसऱ्याची रात्र आहे. रोजमेळ लागला असून विक्री ४५ हजारांची भरली आहे. संगणकाने गतवर्षीच्या त्याच तारखेचा, २४ ऑक्टोबरचा, आकडा शेजारी मांडला आहे : ९० हजार. विक्री निम्म्यावर आली, तेव्हा दिवाळीच्या मालाची मागणी कमी करावी, असे धाकटे बंधू म्हणतात. थोरल्या बंधूंची नववीत शिकणारी कन्या आलेख-कागद पुढे ओढते. ‘‘काका, गेल्या वर्षी या तारखेला लक्ष्मीपूजन होते. आधी बिंदू सरकवून पाहू या.’’

ती आडव्या अक्षावर १ ऑक्टोबरपासूनचे दिवस घेते व उभ्या अक्षावर हजारांतील विक्री. २०२२ साली दसरा ५ ऑक्टोबरला होता. त्या दिवशीची विक्री ४० हजार. त्याचा बिंदू (५, ४०). लक्ष्मीपूजनाचा बिंदू (२४, ९०). २०२३ साली अधिक श्रावण आल्याने दोन्ही सण १९ दिवस पुढे गेले. म्हणून गतवर्षीचा प्रत्येक बिंदू १९ घरे उजवीकडे न्यावयाचा. (५, ४०) चा (२४, ४०) होतो, (२४, ९०) चा (४३, ९०). त्रेचाळिसावा दिवस म्हणजे १२ नोव्हेंबर, त्या वर्षीचे लक्ष्मीपूजन. आता दसऱ्याशेजारी दसरा आला. ४० च्या जागी ४५. विक्री घटली नाही, ५ हजारांनी वाढली. मागणी कमी केली असती, तर ऐन दिवाळीत गिऱ्हाईक रिकाम्या हाताने परतले असते.

याचा नियम असा : (क्ष, य) हा बिंदू (क्ष + अ, य + ब) येथे जातो. उजवीकडे व वर जाताना अधिक, डावीकडे व खाली जाताना वजा. येथे अ = १९ आणि ब = ०; कारण तारीख सरकली तरी झालेली विक्री बदलत नाही. दोन सणांमधील १९ दिवसांचे व ५० हजारांचे अंतरही पूर्वीइतकेच राहते. आकृती जागा बदलते. तिचे रूप व आकारमान बदलत नाही.

या रीतीला मर्यादाही आहे. २०२२ चे लक्ष्मीपूजन सोमवारी होते, २०२३ चे रविवारी. वाराचा परिणाम बिंदू सरकवून नाहीसा होत नाही. तो व्यापाऱ्याने स्वतंत्रपणे ध्यानी घ्यावा.

मात्र एक अट अटळ आहे. सरकवायचे तर सर्व बिंदू सारखेच सरकवावेत. मंदीच्या दिवसाचा एकच बिंदू हळूच वर उचलला, तर कागद तक्रार करीत नाही; परंतु आकृती मोडते आणि तिच्यावर विसंबून पुढील वर्षी केलेली खरेदीही चुकते. सर्व बिंदू एकाच मापाने हलविणे ही तुलना होय. सोयीचा एकच हलविणे ही स्वतःची फसवणूक.