मन थकलं तर गावी जायचं का?

शहराच्या धकाधकीला कंटाळून नोकरी सोडली, गावी शेतात घर बांधलं, स्वतःला नव्याने शोधलं, अशा गोष्टी हल्ली फार ऐकू येतात. ऐकायला बऱ्या वाटतात. पण गावात ज्यांचं शेत आहे त्यांच्यासाठी त्या ठीक. आपले आजे-पणजे गावकुसाबाहेरून उठून मुंबई-नागपूरच्या गिरण्यांत आले ते उगाच नाही. १९४८ साली संविधान सभेत बाबासाहेबांनी खेड्यांचे गोडवे गाणाऱ्यांना चांगलंच सुनावलं होतं.

पण थकवा खरा आहे. वस्तीत बीपी तपासताना बायका सांगतात, झोप लागत नाही, छातीत धडधडतं, उगाच रडू येतं, मुलांवर हात उगारला जातो. पहाटे नळावरच्या रांगेपासून रात्रीच्या भांड्यांपर्यंत यांना स्वतःसाठी दहा मिनिटं नाहीत. यांनी शहर कशाला सोडायचं? थोडे दिवस घर सुटलं तरी पुष्कळ झालं.

इगतपुरीच्या धम्मगिरीवर दहा दिवसांचं विपश्यना शिबिर असतं. राहण्या-जेवणाचे पैसे घेत नाहीत, शेवटी ऐपतीप्रमाणे दान. पहाटे चारला उठायचं, मोबाइल जमा, नऊ दिवस मौन. अर्ज आधी भरावा लागतो. नागपूर, नवी मुंबईकडेही केंद्रं आहेत. विपश्यनेवरून आपल्यात वाद आहेत, पण मी इथे नर्स म्हणून बोलतेय. दहा दिवस कुणी ‘चहा टाक’ म्हणत नाही, हीच केवढी विश्रांती!

अडतं ते घरात. नवरा शिबिराला निघाला तर कौतुक, बाई निघाली की ‘मुलांचं कोण बघणार?’ मुलांचा बाप बघेल की. धुणीभांडी करणारीचा प्रश्न मात्र खरा आहे. दहा दिवसांचा पगार कापला जातो, वर मॅडम दुसरी बाई ठेवतात. तिथे शेजारणीने बदलीवर जावं, बचत गटाने थोडे पैसे उचलून द्यावेत. महिला मंडळांनी एवढं मनावर घ्यायला हरकत नाही.

एक मात्र बजावून सांगते. दोन-दोन आठवडे झोप नाही, जगणं नकोसं झालंय, कानात आवाज येतात, असं असेल तर आधी डॉक्टर. शिबिराचं नंतर बघू. चालू असलेल्या गोळ्या मनाने बंद करू नका, अर्जात आजार लपवू नका. टेली-मानसच्या १४४१६ या नंबरवर चोवीस तास फुकट बोलता येतं, मराठीतही. हा नंबर विहाराच्या फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवा.